मेकाँगवरचे दोन दिवस



आज मी तुम्हाला एका संथ प्रवासाची हकिगत सांगणार आहे. वेगवान होडीने जे अंतर सहा-सात तासांत कापता येतं, त्यासाठी आम्ही पूर्ण दोन दिवस घालवले, आणि तेही पैसे देऊन, हौसेने!

मागच्या जानेवारीत मी आणि माझ्या नणंदबाई, म्हणजे आमच्या वन्सं, थायलंडमधून लाओस देशात गेलो. गेलो ते नदीतून, होडीत बसून. वन्संचा मुलगा बँकॉकला नोकरीला आहे. त्याच्याकडे गेलोच होतो, तर तो म्हणाला, "मामी, उत्तरेला मेकाँग नदीवर एक संथ होडी चालते. दोन दिवस नुसतं बसून राहायचं. तुम्हा दोघींना आयुष्यात कधी नुसतं बसायला मिळालंय का?" वन्संनी छत्तीस वर्षं शाळेत शिकवलं आणि घरी येऊन चूलही सांभाळली. त्या म्हणाल्या, "वहिनी, जाऊ या."

निघण्याआधी मी आईला फोन केला. माझी आई पंचाहत्तरीची, कोयनेच्या खोऱ्यातली. धरणाचं पाणी चढायला लागलं तेव्हा ती दहा-अकरा वर्षांची होती. तिचं गाव आज शिवसागराच्या तळाशी आहे. मी तिला म्हटलं, "आई, आम्ही दोन दिवस नदीतनं जाणार." तिने एवढंच विचारलं, "वाहती हाय का गं ती?" मी म्हटलं, नदी म्हणजे वाहतीच असणार की. तिच्या प्रश्नाचा अर्थ मला तेव्हा कळला नाही. तो कुठे कळला, ते पुढे सांगते.

आधी नदीची ओळख करून देते. मेकाँग तिबेटच्या पठारावर उगवते आणि चीन, म्यानमार, लाओस, थायलंड, कंबोडिया, व्हिएतनाम अशा सहा देशांतून साडेचार हजार किलोमीटरच्या आसपास वाहत समुद्राला मिळते. थाई भाषेत नदीला 'मे नाम' म्हणतात. 'मे' म्हणजे आई आणि 'नाम' म्हणजे पाणी. आपण नदीला माय म्हणतो, तसंच हे. त्या 'मे नाम खोंग'चंच आखडून मेकाँग झालं.

उत्तर थायलंडमधल्या चियांग राय शहरातून बसने आम्ही चियांग खोंग या नदीकाठच्या गावी पोचलो. तिथे मेकाँग हीच दोन देशांची सरहद्द आहे. अलीकडे थायलंड, पलीकडे लाओसचं हुआय साय. समोरच्या काठावरचे दिवे दिसतात, कोंबडा आरवला तर ऐकू येतो, आणि तरी तो परदेश! पूर्वी प्रवासी छोट्या नावेतून पलीकडे जात. २०१३च्या डिसेंबरात पूल झाला, तेव्हापासून परदेशी माणसांनी पुलावरूनच जायचं. अलीकडे थायलंडचा शिक्का घ्यायचा, पुलावरच्या बसने पलीकडे जायचं आणि तिथे लाओसचा व्हिसा घ्यायचा. गंमत म्हणजे थायलंडमध्ये गाड्या आपल्यासारख्या डाव्या बाजूने चालतात आणि लाओसमध्ये उजव्या. वन्सं खिडकीतून बघत होत्या. एकदम म्हणाल्या, "अगं, हा चुकीच्या बाजूने चाललाय!"

जायचं मनात असेल त्यांच्यासाठी सांगते. व्हिसाचे नियम बदलत असतात, म्हणून निघण्याआधी चौकशी करा. आम्हाला पलीकडच्या खिडकीवर व्हिसा मिळाला. जवळ पासपोर्टचे फोटो ठेवा आणि डॉलरच्या नोटा कोऱ्या ठेवा, दुमडलेल्या-फाटलेल्या नकोत. आम्ही उतरलो होतो त्या घरच्या बाईंनी आमच्या नोटा आदल्या रात्री दिव्यापुढे धरून तपासल्या आणि एक बाजूला काढायला लावली. भाषा कळत नव्हती, पण काळजी कळत होती. आणखी एक, शक्यतो आदल्या दिवशीच सरहद्द ओलांडून हुआय सायला मुक्काम करा. होडी सकाळी सुटते आणि खिडकीवरची रांग काही तिच्या वेळेप्रमाणे सरकत नाही.

आता होडी. तिला होडी म्हणायचं, पण लांबीला आपल्या एसटीच्या दोन-तीन गाड्या एकापुढे एक लावाव्यात एवढी. लाकडी, अरुंद, वर छप्पर, बाजू उघड्या. आत बसायला जुन्या मोटारींमधून काढलेल्या सीट. कित्येक तर जमिनीला ठोकलेल्याही नसतात, ओढून मैत्रिणीजवळ घ्यायच्या! चढताना चपला काढायच्या. चालवणारा पुढे बसतो. सर्वांत मागे इंजिन, त्याच्याजवळ शौचालय, आणि तिथेच होडीवाल्यांचं घर. आमच्या होडीवर चालवणाऱ्याची बायको मागे भात शिजवत होती, लेकराला झोके देत होती आणि मधूनच येऊन प्रवाशांना चहा-शेवया विकत होती. वन्सं म्हणाल्या, "घर आणि दुकान बरोबर घेऊन नवऱ्याच्या नोकरीवर चाललीय बघ ही." मी म्हटलं, "वन्सं, नोकरी दोघांची आहे. पगार कुणाच्या हातात पडतो ते विचारायला हवं."

बसायला पुढची जागा धरा, मागे इंजिनाचा आवाज डोकं उठवतो. जानेवारीत सकाळी नदीवर दाट धुकं आणि चांगलीच थंडी असते, शाल हवीच. दुपारी तीच शाल घडी करून पाठीशी ठेवायची. वेगवान होड्याही त्या नदीवर धावतात. त्यात बसणाऱ्यांना डोक्यात हेल्मेट घालावं लागतं. खडकांच्या नदीत असं धावणं धोक्याचंच. आमच्या बाजूने अशी एक होडी भर्रकन गेली, तिच्यातली माणसं गुडघे छातीशी घेऊन बसली होती. त्यांना काय दिसलं असेल कोण जाणे.

हुआय साय सोडल्यावर पहिला तास-दीड तास उजव्या हाताला थायलंड असतो आणि डाव्या हाताला लाओस. मग एका ठिकाणी नदी वळते आणि दोन्ही काठ लाओसचे होतात. तिथे पाटी नाही, शिपाई नाही, शिक्का नाही. पाण्याचा रंग तोच, डोंगर तेच. वन्संनी चष्मा पुसून दोन्हीकडे पाहिलं. म्हणाल्या, "भूगोल शिकवताना मी नकाशावर इथे लाल रेघ काढायला लावायची मुलांना."

आता जेवणाचं. वन्सं शुद्ध शाकाहारी. लाओसमध्ये पालेभाजीतसुद्धा माशाचं पाणी घालतात, म्हणून आम्ही दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि डिंकाचे लाडू बांधून नेले होते. दुपारी एका वाळूच्या काठाला होडीचं टोक टेकलं. तिथे धक्का नाही, काही नाही. एक फळी टाकली आणि तिच्यावरून एक बाई चढली. पाठीला बांधलेलं मूल, एका हातात तांदळाचं पोतं, दुसऱ्या हातात पाय बांधलेल्या दोन कोंबड्या. ती येऊन आमच्यासमोरच बसली. जरा वेळाने तिने बांबूची छोटी टोपली उघडली. आत चिकट भात होता, तिथलं रोजचं अन्न. बोटांनी गोळा मोडून घ्यायचा, वळायचा आणि खायचा. तिने टोपली वन्संपुढे केली. वन्संनी घास घेतला, चटणीला लावून खाल्ला आणि तिच्या हातावर लाडू ठेवला. तिने तो हुंगला, अर्धा मुलाला दिला आणि हसली. पुढचे दोन तास त्या दोघी बोलत होत्या. वन्सं मराठीत, ती लाओ भाषेत. मुलं किती, नातवंडं किती, गुडघा दुखतो का, सगळं बोलून झालं!

मैत्रिणींनो, त्या होडीत एक गोष्ट माझ्या लक्षात आली. आम्ही परदेशी लोक सहल करत होतो. पण त्या बाईची ती एसटी होती. कुणी बाजार करून चाललं होतं, कुणी दवाखान्यातून परतत होतं. एकाने मोटारसायकल चढवली होती. काठावर उतारू दिसला की होडी वळायची आणि वाळूला टेकायची. रस्ते आता होत आहेत, चीनहून येणारी रेल्वेही २०२१च्या डिसेंबरात सुरू झाली, लुआंग प्रबांगजवळ ती मेकाँग ओलांडते. तरी काठावरच्या कितीतरी घरांचं अंगण अजून नदीतच उतरतं.

हिवाळ्यात पाणी उतरतं तेव्हा उघड्या पडलेल्या काठावर बायका भुईमूग आणि भाजी लावतात. गाळाची जमीन, खत घालावं लागत नाही. गुडघाभर पाण्यात उभ्या राहून खडकांवरचं हिरवं शेवाळ गोळा करतात. त्याला म्हणतात 'खाय'. वन्सं म्हणाल्या, "नाव ऐकूनच खावंसं वाटतंय." ते धुऊन, पसरून, वर तीळ-लसूण-टोमॅटो घालून पापडासारखं वाळवतात आणि तळतात. काही ठिकाणी बायका लाकडी परातीत वाळू चाळून सोन्याचे कण शोधत असतात. ही सगळी कामं पाणी उतरल्यावरची आणि बहुतेक बायकांची.

संध्याकाळी पाकबेंगला पोचलो. चढावर वसलेलं लहानसं गाव, एक रस्ता आणि दोन्ही बाजूंना प्रवाशांसाठी खोल्या. रात्री होडी चालत नाही, खडक दिसत नाहीत म्हणून. तिथे जेवताना आमच्याच होडीतला एक विद्यार्थी शेजारी बसला. चियांग रायला शिकणारा, घरी निघालेला, चांगलं इंग्रजी बोलणारा. मी त्याला गावाच्या नावाचा अर्थ विचारला. तो म्हणाला, 'पाक' म्हणजे तोंड, मुख. बेंग नदी जिथे मेकाँगला मिळते ते पाकबेंग. ऊ नदी मिळते ते पाक ऊ. 'हुआय' म्हणजे ओढा, म्हणून हुआय साय. तो म्हणाला, होडी चालवणाऱ्याला वाटेतला प्रत्येक खडक, प्रत्येक भोवरा नावाने ठाऊक असतो. नावं पाठ नसतील तर या नदीत होडी घालता येत नाही.

मग तो जरा गप्प झाला. म्हणाला, "माझ्या मावशीचं गाव तुम्ही आज पाहिलंत. धरण झालं की ते पाण्याखाली जाणार आहे."

पाकबेंगच्या जरा वर एक धरण योजलेलं आहे. लुआंग प्रबांग शहराच्या वर, सुमारे २५ किलोमीटरवर, दुसऱ्याचं काम चालू आहे. आणि त्या शहराच्या खाली सायाबुरीचं धरण २०१९ साली वीज द्यायलाही लागलं. वर चीनमध्ये तर धरणांची माळच आहे. तिथून पाणी सोडलं की खाली ऋतू नसताना नदी चढते, काठावरचा भुईमूग बुडतो आणि शेवाळ हाती लागत नाही. लाओस गरीब देश, समुद्र नाही, विकायला आहे ती वीज. ती बरीचशी थायलंड विकत घेतो. बँकॉकला माझ्या भाच्याच्या घरी वातानुकूलित खोलीत आम्ही दोघी चार दिवस गार हवेत झोपलो होतो, हे मला त्या रात्री आठवलं.

या नदीसाठी भांडणारी माणसंही आहेत. चियांग खोंगचे निवात रॉयकेऊ हे शिक्षक. लोक त्यांना 'क्रू ती' म्हणतात. 'क्रू' म्हणजे आपला गुरूच, शब्दही तोच. मोठी मालवाहू जहाजं जावीत म्हणून मेकाँगमधले खडक सुरुंगाने उडवायचे असा बेत होता. याच खडकांच्या आडोशाला मासे अंडी घालतात. क्रू तींनी गावकऱ्यांना बरोबर घेऊन वर्षानुवर्षं विरोध केला आणि २०२०च्या फेब्रुवारीत थायलंड सरकारने तो बेत सोडून दिला. २०२२ साली त्यांना पर्यावरणासाठी दिला जाणारा गोल्डमन पुरस्कार मिळाला. तेव्हा खडक वाचले. धरणांचं भांडण अजून संपलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी दुसरी होडी होती. धुक्यात काठ दिसत नव्हते. चालवणारा अगदी हळू, जवळजवळ ऐकत ऐकत होडी पुढे नेत होता. तेव्हा मला आईचा प्रश्न आठवला, वाहती हाय का गं ती?

मी लहानपणापासून शिवसागर पाहिलाय. लाँचमध्ये बसून तापोळ्याला गेलेय. निळंशार पाणी, सुंदर, पण उभं. मला तीच कोयना वाटायची. कोयनेच्या विजेवर आपल्या महाराष्ट्राचे कारखाने चालले, घरात दिवा आला, त्या विजेवर मी अभ्यास केला. ते मी नाकारत नाही. पण आईसाठी कोयना म्हणजे चालती-बोलती नदी होती, आणि मी तिला पन्नास-पंचावन्न वर्षांत एकदाही विचारलं नव्हतं की ती कशी होती. आपण रेडिओवर काय ऐकतो? कोयनेत आज इतके टीएमसी पाणी. धरण भरलं की १०५ टीएमसी. नदीचा आकडा मला पाठ होता. तिच्या एकाही डोहाचं नाव मला ठाऊक नव्हतं.

दुपारनंतर नदीकाठी मोठमोठी यंत्रं, उघडे केलेले डोंगर आणि सिमेंटचं प्रचंड काम दिसलं. होडीतली माणसं उठून बघायला लागली, फोटो काढायला लागली. तो विद्यार्थी मात्र जागचा उठला नाही. वन्सं त्याच्याजवळ जाऊन बसल्या आणि त्याला शेवटचा लाडू दिला. त्यानंतर थोड्याच वेळात ऊ नदीचं मुख आलं. समोरच्या कड्यात गुहा आहेत, त्यांत लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या आणून ठेवलेल्या बुद्धाच्या हजारो मूर्ती आहेत. वन्संनी होडीतूनच हात जोडले.

लुआंग प्रबांग हे जुन्या राजांचं शहर. १९९५पासून ते युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत आहे, आणि वरच्या धरणाबद्दल युनेस्कोनेही काळजी व्यक्त केली आहे. होडी शहराच्या अलीकडे दहा-एक किलोमीटरवर थांबते, पुढे रिक्षासारख्या गाडीने जायचं. तिथे दोन दिवस राहिलो. पहाटे भिक्षूंची रांग निघते, बायका रस्त्याकडेला बसून त्यांच्या पात्रांत चिकट भात घालतात. लांबून, शांतपणे बघावं, तोंडापुढे कॅमेरा धरू नये. तिथल्या बाजारात वन्संनी ते शेवाळाचे पापड खाल्ले. त्याबरोबर देतात त्या मिरचीच्या चटणीत म्हशीचं कातडं असतं असं कळल्यावर आमचीच शेंगदाण्याची चटणी बाहेर काढली. फक्कड लागले!

घरी आल्यावर आईकडे गेले. म्हटलं, "आई, वाहती होती." मग वाटेतलं सगळं सांगितलं. खडक, भोवरे, वाळूला टेकणारी होडी, भुईमूग लावणाऱ्या बायका, विद्यार्थ्याच्या मावशीचं गाव. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, "आमच्या नदीतबी व्हतं की असं." आणि बोटं मोडून मोजायला लागली. कपडे धुवायचा डोह वेगळा, गुरं पाजायचा वेगळा. एका डोहाचं नाव बुडालेल्या म्हशीवरून पडलेलं. एका उतारावरून उन्हाळ्यात पाय न भिजवता पलीकडे जाता यायचं, तिथून तिची थोरली बहीण लग्न होऊन गेली. एका संध्याकाळी तिने मला अकरा नावं सांगितली. चौसष्ट वर्षं तिने ती जपली होती, कारण विचारणारं कुणी नव्हतं. बाराव्या नावाशी ती अडली. डोळे मिटून बसली, पण आठवेना. "बहिणीला ठावं असंल," म्हणाली. मावशी जाऊन सहा वर्षं झाली.

ती अकरा नावं मी वहीत लिहून ठेवली आहेत.

मैत्रिणींनो, मेकाँगवर तुम्ही जमेल तेव्हा जा. संथ होडीनेच जा, आणि जायचं तर लवकर जा. पण त्याआधी एक काम करा. आपल्या जिल्ह्यातल्या कितीतरी घरांत कोयनेची, धोमची, कण्हेरची, उरमोडीची धरणग्रस्त आजी आहे. तिच्याजवळ बसा. तिच्या नदीच्या डोहांची, उतारांची, घाटांची नावं विचारा आणि लिहून घ्या. ती नावं आपल्या रेडिओला कळवा, आपण ती इथे वाचून दाखवू. पाणीपातळी तर रोज सांगतोच.